पोरगा पुन्हा जहाजावर जायला तयार नाही

‘मॅडम, पहिलं जहाज करून आला आणि आता पुन्हा जायचं नाही म्हणतो. घाबरलाय. तुम्ही जरा समजवा त्याला.’

रत्नागिरीत समुपदेशनाचं काम करताना हे वाक्य मी किती आईवडिलांच्या तोंडून ऐकलं असेल! कोकणाला समुद्र नवा नाही. ज्यांचे आजोबा मुंबईला जाऊन आगबोटीवर खलाशी झाले, त्या घरांतूनही हाच सूर येतो. म्हणून एका मुलाविषयी लिहिते. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. त्याला समीर म्हणू.

समीर एकवीस वर्षांचा. बारावीनंतर जीपी रेटिंगचा, म्हणजे खलाशाच्या कामाचा, सहा महिन्यांचा कोर्स आणि मग कोळसा, धान्य असा सुटा माल नेणाऱ्या एका बल्क कॅरियरवर ट्रेनी ओएस, म्हणजे शिकाऊ खलाशी, म्हणून नऊ महिने. वडील एसटीत ड्रायव्हर. कोर्सची फी आणि एजंटचे पैसे मिळून पतपेढीचं साडेचार लाखांचं कर्ज डोक्यावर. घरी आल्यापासून तो दिवसा झोपायचा, रात्री जागायचा आणि कंपनीचा फोन आला की मोबाइल उशीखाली सरकवायचा.

‘वादळाची भीती बसली का?’ मी विचारलं.

‘नाही. उलट वादळात सगळे एकत्र असायचे.’

‘कुणी त्रास दिला?’

‘बोसन, म्हणजे आमचा मुकादम, ओरडायचा. पण ते सगळ्यांनाच.’

‘मग?’

बराच वेळ गेला. ‘बाकीच्यांना झेपतं. मलाच झेपत नाही. मी त्या कामाचा नाही, मॅडम.’

माझे काही सहकारी इथे मुलाच्या स्वतःबद्दलच्या विचारावर काम सुरू करतील. माझी रीत थोडी वेगळी आहे. माणूस ‘झेपत नाही’ म्हणतो तेव्हा मी आधी ओझं किती होतं ते पाहते. मी त्याला कोरा कागद दिला आणि जहाजावरचा एक दिवस तासवार लिहायला सांगितला.

त्यानं लिहिलेला दिवस असा. पहाटे चार ते आठ ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवतात त्या खोलीत, लुकआउट : समुद्रावर नजर ठेवायची. साडेआठ ते बारा होल्ड क्लीनिंग, म्हणजे माल भरायच्या कोठाराची सफाई. आधीचा माल कोळसा आणि पुढच्या बंदरात धान्य भरायचं, म्हणजे होल्डमध्ये काळा कण राहता कामा नये. शिडीनं तळाशी उतरायचं, भिंती प्रेशरच्या पाण्यानं धुवायच्या, साचलेलं बादलीनं वर काढायचं. एक ते चार पुन्हा तेच. चार ते आठ पुन्हा ब्रिजवर वॉच, म्हणजे पहारा. रात्री नऊ ते अकरा परत होल्ड. बेरीज त्यानंच केली : साडेसोळा तास. असे सलग अकरा दिवस.

सागरी कामगार करार, म्हणजे एमएलसी 2006, भारतानं 2015 मध्ये मान्य केला. त्यानुसार खलाशाला चोवीस तासांत किमान 10 आणि आठवड्याला किमान 77 तास विश्रांती मिळायला हवी. त्यातली एक विश्रांती सलग सहा तासांची हवी. हे मी सांगत होते तेवढ्यात समीर म्हणाला, ‘कागदावर मिळाली की. विश्रांतीच्या नोंदीच्या दर महिन्याच्या शीटवर रोजचे दहा तास लिहिलेले असायचे. बोसन म्हणायचा, सही कर. मी करायचो.’ आणि मग, मान खाली घालून, ‘सही माझीच आहे.’

इथे मला उमगलं. घरचे ज्याला भीती म्हणत होते ती निम्मी थकवा होती आणि निम्मी शरम. स्वतःच्या सहीनं त्यानं स्वतःचा थकवा खोटा ठरवला होता. मग तो थकवा मनात ‘माझी लायकी नाही’ असं नाव घेऊन राहिला. इतक्या वर्षांच्या कामात मला काही नेमकं सापडलं असेल, तर ते या कागदावर.

पुढच्या भेटीला वडिलांना बोलावलं. ‘हट्टी आहे तो,’ अशीच सुरुवात झाली. मी कागद त्यांच्या हातात दिला. त्यांनी चष्मा लावून वाचला, बोटानं तास मोजले, पुन्हा मोजले.

‘हा एका दिवसाचा?’

‘अकरा दिवस, बाबा.’

‘मी डबल ड्युटी केली की दुसऱ्या दिवशी स्टिअरिंगला हात लावत नाही. पुलावर एक डुलकी पुरते. आणि तू त्या शिडीवरून...’ पुढे त्यांना बोलता आलं नाही. मग म्हणाले, ‘सही का केलीस?’

‘साडेचार लाख आठवायचे.’

वडील खुर्चीतून उठून त्याच्या शेजारी जाऊन बसले. त्या दिवशी मी आणखी काही बोलले नाही.

असा मुलगा तुमच्या घरात असेल तर आधी त्याला पंधरा दिवस झोपू द्या. निर्णय त्यानंतर. नोकरी लावून देण्याचे पैसे मुलाकडून घेणं नियमात बसत नाही. मेडिकल, सीडीसी (खलाशाचं ओळखपुस्तक) आणि पासपोर्ट एवढाच खर्च त्याचा. कंपनीकडे आरपीएसएल, म्हणजे खलाशी भरतीचा सरकारी परवाना आहे का, हे डीजी शिपिंग या केंद्र सरकारच्या जहाज खात्याच्या वेबसाइटवर पाहा. जहाजावर असताना त्यानं आपले खरे तास वहीत रोज लिहावेत. विश्रांतीच्या नोंदीची प्रत मागणं हा त्याचा हक्क आहे, आणि तक्रार कशी करायची तेही जहाजावर लिहिलेलं असतं. जहाजावरच्या माणसाला थेट बोलता येईल असा कंपनीचा किनाऱ्यावरचा अधिकारी असतो, त्या डीपीएचा नंबर पहिल्याच दिवशी टिपून ठेवावा. फोनवर बोलणं एकदम तुटलं, किंवा ‘मी नसतो तर बरं’ असं काही कानावर आलं, तर थांबू नका. कंपनीला कळवा; टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या 14416 वर घरचेही बोलू शकतात.

आणि फोनवर ‘मजा आहे ना?’ विचारू नका. त्याला हो म्हणण्यावाचून वाट राहत नाही.

समीरला ‘जा’ किंवा ‘नको’ मी कधीच म्हटलं नाही. चार महिने तो मामाच्या गॅरेजमध्ये राबला. मग त्यानं दुसऱ्या कंपनीचं जहाज धरलं. तिथे पहिल्याच महिन्याच्या शीटवर खरे तास लिहिले. चीफ ऑफिसरनं बोलावून घेतलं, तेव्हा पाय लटपटत होते असं त्यानं नंतर सांगितलं. साहेबांनी वही मागितली, पाहिली आणि त्याचं रात्रीचं काम बंद केलं.

वडिलांचा फोन रविवारी जातो. पहिला प्रश्न ठरलेला : ‘काल किती तास झोपलास?’