बजीला आंबा चालतो का?

प्रश्न : आमच्याकडे लव्हबर्ड्सची जोडी आहे, लांब शेपटीचे छोटे असतात ना ते. सासूबाई रोज त्यांना आंब्याची फोड, केळं, सफरचंद असं काहीबाही घालतात आणि आता दोघांची शी पाणचट व्हायला लागलीय. मिस्टर म्हणतात फळं बंद कर, सासूबाई म्हणतात पक्षी फळं नाही खाणार तर काय खाणार. त्यात मुलगी म्हणते अ‍ॅव्होकाडो पौष्टिक असतो, तो देऊया. काय करू? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : ताई, अ‍ॅव्होकाडो आधी विसरा, एक फोडही नको. त्यात पर्सिन नावाचं द्रव्य असतं, ते पक्ष्यांच्या हृदयावर जातं, आणि आपल्याकडे ज्यांना लव्हबर्ड्स म्हणतात ते तुमचे लांब शेपटीचे छोटे पक्षी म्हणजे खरं तर बजी (बजरीगर), जेमतेम तीस-चाळीस ग्रॅमचा जीव, त्याला कितीसं लागणार? त्यावर उतारा नाही.

आता सासूबाईंचं. बजी मूळचे ऑस्ट्रेलियातल्या कोरड्या माळरानावरचे, तिथे ते मुख्यतः गवताचं बी खाऊन जगतात. म्हणजे फळ हे त्यांचं जेवण नाही, ताटातली कोशिंबीर आहे, दिवसभराच्या खाण्यात फार तर दहावा भाग. पण मिस्टरांचंही ऐकू नका, कारण नुसत्या राळं-बाजरीवर ठेवलं की अ जीवनसत्त्व कमी पडतं. आंबा-पपईतून ते मिळतं, गाजर-पालकातून तर साखर न वाढवता मिळतं, म्हणून माझं मत विचाराल तर भाजी रोज आणि फळ आठवड्यातून दोन-तीनदा, नखाएवढा तुकडा.

शीचं म्हणाल तर ट्रेमधला पेपर नीट बघा. मधे हिरवट घट्ट वळी, तिला लागून पांढरं आणि भोवती नुसता पाण्याचा ओला डाग असेल तर ते फळातलं पाणी आहे, जुलाब नाही, फळ एक दिवस थांबवलं की जातं. पण ती वळीच पातळ झाली असेल, वास येत असेल किंवा पक्षी पिसं फुगवून खाली बसून असेल तर घरगुती उपाय करत बसू नका, त्याच दिवशी पक्ष्यांचं बघणारा डॉक्टर गाठा.

बिया मात्र काढायच्याच. सफरचंदाच्या बीतून आणि पीच-जर्दाळूच्या कोयीतून सायनाइड तयार होतं. सीताफळाच्या बिया तर आपल्याकडे उवा मारायला वाटून लावायचे, त्यावरूनच समजा. पेरू-डाळिंबाच्या चालतात. आंब्याची साल नको, चीक असतो. द्राक्षं तुमच्या गावचीच, फवारणी तुम्हाला माहितीय, चांगली खळखळून धुवा. आणि पेरूला तिखटमीठ लावलेली आपल्या ताटातली फोड उचलून द्यायची नाही हं, मीठ त्यांना झेपत नाही.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो उरलेल्या फळाने. सकाळी घातलेली फोड उन्हाळ्यात दुपारपर्यंत आंबते, त्यावर चिलटं बसतात आणि पक्षी तेच टोचत बसतो. दीड-दोन तासांत उचला, वाटी धुवा.

प्रश्न : झाडावरून पडलेलं पोपटाचं पिल्लू सापडलंय, मऊ पेरू भरवू का? (एक वाचक, सातारा)

उत्तर : नको, आणि तोंडात पाणीही ओतू नका, श्वासनलिकेत जातं. खोक्यात कापड घालून उबेला ठेवा आणि वनखात्याच्या 1926 वर फोन करा. आपला देशी पोपट घरी पाळणं 1972 च्या वन्यजीव कायद्याने गुन्हा आहे, प्रेमाने पाळला तरी.