दोन महिन्यांच्या बाळाने पाप कधी केलं?

तुमचा प्रश्न असा: वसईत शेजाऱ्यांच्या दोन महिन्यांच्या बाळाच्या बाप्तिस्म्याला गेलात, तिथे फादर 'मूळपाप' म्हणाले, तर या जिवाने केलं काय?

काहीच नाही, आणि चर्चही तसं म्हणत नाही. कॅथलिक शिकवणीत मूळपाप हे केलेलं पाप नव्हे, वारशाने आलेली अवस्था. घोटाळा 'पाप' या शब्दाने होतो. आपल्याकडे लगेच प्रारब्ध आठवतं, पण तेही इथे लागू नाही, कारण मागचा जन्मच मानलेला नाही.

पणजोबांनी नारळ-सुपारीची वाडी घालवली, तर पणतू जन्मतो तो वाडीशिवाय. गुन्हा त्याचा नाही, उणीव मात्र त्याच्या वाट्याची. देवाशी असलेली मूळची जवळीक आदामाने अशी घालवली, ही मांडणी इंग्लंडमधल्या कँटरबरीचा आर्चबिशप अन्सेल्म याची, साधारण ११०० सालची. पुढे थॉमस अक्वायनस या धर्मपंडिताने ती पुढे नेली.

त्याआधीचा धर्मपंडित बिशप ऑगस्टीन (३५४–४३०) जास्त कडक. त्याच्या हिशेबी वाडी तर गेलीच, वर कर्जही पणतूच्या नावावर चढलं! त्याचा आधार बायबलमधलं रोमकरांस पत्र ५:१२. मूळ ग्रीकचा अर्थ 'सर्वांनी पाप केल्यामुळे' असा लागतो, मराठी बायबलही तसंच म्हणतं. त्याच्या हातातल्या लॅटिनमध्ये मात्र 'ज्याच्यामध्ये सर्वांनी पाप केलं' असं होतं, आणि 'ज्याच्या' म्हणजे आदामाच्या असं त्याने घेतलं. पण सगळं खापर भाषांतरावर फोडणं मला पटत नाही. त्याचा दुसरा मुद्दा तुमच्याच प्रश्नाची उलटी बाजू आहे: बाप्तिस्मा पापक्षमेसाठी असतो आणि चर्च तो तान्ह्यांनाही देत आलंय, मग त्यांना क्षमा कशाची? ऑगस्टीनचा विरोधक पेलाजियस, त्याच्या बाजूचे म्हणत, आदामाने फक्त वाईट उदाहरण घालून दिलं. ४१८ साली कार्थेजच्या धर्मसभेने ते फेटाळलं. पूर्वेकडचे ऑर्थोडॉक्स आजही मरणाचा वारसा मानतात, दोषाचा नाही.

बाप्तिस्म्यानंतरही माणूस वाईटाकडे ओढला जातोच. ही ओढ प्रोटेस्टंट चळवळ सुरू करणाऱ्या ल्यूथरच्या मते स्वतःच पाप. १५४६ मध्ये कॅथलिकांच्या ट्रेंट इथल्या धर्मसभेने सांगितलं, ओढ उरते, पण ती पाप नव्हे. इंग्रज मिशनरी फादर थॉमस स्टीफन्स आपल्या किनाऱ्यावर आले ते ट्रेंटनंतर, १५७९ मध्ये. त्यांच्या १६१६च्या ख्रिस्तपुराणात आदाम-एवेची कथा चक्क ओव्यांत आहे.

विधीत तुम्ही छातीवर तेल, टाळूवर क्रिझम हे सुवासिक तेल, पांढरं वस्त्र, पेटती मेणबत्ती पाहिली असेल. पण बाप्तिस्मा घडतो तो दोनच गोष्टींनी: डोक्यावरून वाहणारं पाणी आणि 'मी तुला पिता, पुत्र व पवित्र आत्मा यांच्या नावाने बाप्तिस्मा देतो' हे शब्द. 'मी'च्या जागी 'आम्ही' म्हटलं तर तो बाप्तिस्मा झालाच नाही, असं व्हॅटिकनने २०२० मध्ये स्पष्ट केलं. तो पुन्हा द्यावा लागतो. बाळ अत्यवस्थ असेल तर दवाखान्यातली नर्सही देऊ शकते, अगदी ख्रिस्ती नसली तरी. चर्च जे करतं तेच करायचा हेतू हवा.

एक जपा. बाप्तिस्म्याआधी दगावलेली बाळं 'लिंबो'त, म्हणजे स्वर्गाबाहेरच्या पण यातना नसलेल्या जागी, जातात असं जुनी माणसं सांगतात. तो कधीच अधिकृत सिद्धान्त नव्हता, आणि २००७ मध्ये व्हॅटिकनच्या ईशज्ञान आयोगाने अशा बाळांच्या तारणाची आशा धरायला सबळ कारणं आहेत असं मांडलं. ज्या घरात बाळ गेलंय तिथे लिंबो हा शब्दही काढू नका.