पुण्याहून वाई–मेणवली–लिंब: गटाबरोबर जावं की आपल्याच गाडीनं?

तुमचा प्रश्न असा की पुण्याहून वाई, मेणवली आणि लिंब अशी एका दिवसाची सहल आहे, पंधरा-सोळा जणांचा गट, माहिती सांगणारा माणूस बरोबर, माणशी 1,800 रुपये. घरी गाडी आहे. बरोबर सत्तरीच्या आई आणि सातवीतला मुलगा. मग हे पैसे द्यावेत का?

द्यावेत, पण आधी चौकशी करून. आपल्या गाडीनं गेलात तर डिझेल आणि टोल धरून तिघांचा खर्च याच्या निम्म्याहूनही कमी होईल. वरचे पैसे जातात ते सांगणाऱ्या माणसाचे. तो जाणता असेल तर 1,800 अजिबात जास्त नाहीत. तो नुसताच "चला चला, पुढे उशीर होतोय" करणारा असेल तर फुकट नेलं तरी जाऊ नका.

माझं आजोळ वाईचं, गंगापुरीतलं. सुट्टीत घरी आलेल्या पाहुण्यांना घाट दाखवून आणायचं काम आम्हा मुलांच्या गळ्यात असायचं. आता मैत्रिणींबरोबर अशा गटांतूनही हिंडते. त्यामुळे दोन्ही बाजूंनी सांगू शकते.

लिंबपासून सुरुवात करते, कारण गटाचा खरा फायदा तिथेच कळतो. महामार्गावर साताऱ्याच्या अलीकडे लिंबचा फाटा आहे. तिथून आत शेरीच्या वाटेला बारामोटेची विहीर. आपले आपण गेलो तर काय होतं? वरून डोकावायचं, "बापरे, केवढी खोल!" म्हणायचं, पायऱ्या उतरून खाली फोटो काढायचे, वीस मिनिटांत परत गाडीत. विहीर सुमारे 110 फूट खोल आणि 50 फूट रुंद आहे, एवढं तर फोनवरही वाचता येतं.

जाणता माणूस तुम्हाला आधी शिलालेखापाशी थांबवतो. बोट ठेवून अक्षर न् अक्षर वाचून दाखवतो. शके 1641 ते 1646, म्हणजे इसवी सन 1719 ते 1724, आणि बांधून घेणाऱ्या विरूबाई भोसले. मग या विरूबाई कोण, इथून गोष्ट सुरू होते. शाहू महाराज 1707 मध्ये मोगलांच्या कैदेतून सुटून आले, पुढच्या वर्षी साताऱ्याला गादीवर बसले. विरूबाईंचा त्यांच्या घरात मोठा मान. अक्कलकोटच्या गादीचे मूळ पुरुष फत्तेसिंह भोसले, त्यांना लहानाचं मोठं केलं ते याच बाईंनी. आणि एवढी विहीर कशासाठी, तर आसपासच्या आमराईला पाणी द्यायला. हे कळल्यावर वरच्या मोकळ्या शेताकडे माणूस वेगळ्या नजरेनं बघतो.

त्याच्याही पुढची गंमत तुमच्या मुलाची. त्याला काठावर नेऊन मोटेच्या, म्हणजे बैलांकडून पाणी ओढून घ्यायच्या, जागा मोजायला लावा. नाव बारामोटेची, पण जागा भरतात पंधरा. का? कुणी म्हणतं एका वेळी बाराच मोटा चालायच्या, कुणी आणखी काही सांगतं. मला आवडलेला मार्गदर्शक दोन्ही सांगून वर म्हणाला होता, "नक्की कारण लिहून ठेवलेलं नाही." अशा माणसावर विश्वास ठेवावा. त्यानंच पोरांना मोट कशी चालते ते समजावलं होतं. एक पोरगा बैल, दुसरा मोट, मध्ये ओढणीचा नाडा. बैल उतारावरून, म्हणजे धावेवरून, पुढे गेले की नाडा ताणला जातो आणि कातड्याची मोट भरून वर येते. तिच्या सोंडेला बांधलेला सोंदूर, म्हणजे दुसरा बारीक दोर, त्याच वेळी ताणला जातो, पाणी थारोळ्यात, म्हणजे काठावरच्या कुंडात, ओततं, तिथून पाटानं शेताला. बैल मागे मागे सरत आले की रिकामी मोट परत खाली. बटण दाबलं की मोटर सुरू होते एवढंच माहीत असलेली शहरातली पोरं अर्धा तास तिथून हलायला तयार नव्हती.

दोन विहिरी आहेत, एक मोठी अष्टकोनी आणि तिला जोडून एक चौकोनी. मधल्या भागात चक्क खोल्या आहेत, खांबांवर कोरीवकाम आहे. गणपती, मारुती, हत्तीवरचा स्वार, घोड्यावरचा स्वार अशी शिल्पं शोधून काढायला लावली की मुलांचा वेळ मजेत जातो. उन्हाळ्यात आत काय गारवा असतो म्हणून सांगू!

मेणवलीचं वेगळं. वाईपासून तीन-चार किलोमीटर, कृष्णेच्या काठी, नाना फडणवीसांचा वाडा. औंधच्या प्रतिनिधींनी आणि रघुनाथ घनश्याम मंत्र्यांनी हे गाव 1768 मध्ये नानांना दिलं. सहा चौकांचा वाडा, मागच्या दारानं उतरलं की घाट आणि मेणेश्वराचं देऊळ. शनिवारवाड्यातली सत्ता हातात असलेल्या माणसानं विसाव्यासाठी निवडलेली जागा ही, हे त्या घाटावर बसल्यावर पटतं. नाना 1800 मध्ये गेले. त्यांच्या मागे त्यांच्या पत्नी जिऊबाईंची फार फरफट झाली आणि शेवटी त्या इथेच येऊन राहिल्या. वाडा बघताना हा भाग कुणी सांगत नाही, सगळे सिनेमांची नावं सांगतात. इथे चित्रीकरण खूप होतं, आणि चित्रीकरण चालू असेल तर वाडा बघायला मिळेलच असं नाही. मालमत्ता खासगी आहे. भिंतींवरची चित्रं असलेल्या खोल्या उघडायच्या की नाहीत हेही त्यांच्या मर्जीवर. इथे गटाबरोबर गेल्याचा उपयोग होतो, कारण आयोजकानं आधी फोन करून ठेवलेला असतो. निदान ठेवायला हवा. तुम्ही हे विचारूनच घ्या.

घाटावर दगडी बांधणीत एक मोठी घंटा टांगलेली आहे. येणारा प्रत्येक जण ती वाजवतो आणि निघून जातो. तुम्ही वाजवा, पण मग जवळ जाऊन तिच्या अंगाकडे बघा. बाळाला घेतलेली मेरी दिसेल आणि 1707 हे साल. चिमाजी अप्पांनी 1739 मध्ये वसई घेतली, तेव्हा पोर्तुगीजांच्या चर्चमधल्या घंटा मराठ्यांच्या हाती आल्या आणि ठिकठिकाणच्या देवळांत गेल्या. भीमाशंकरला आहे, नाशिकच्या नारोशंकराला आहे, आणि ही इथे. शंकराच्या देवळापाशी मेरीची घंटा इतकी वर्षं वाजतेय आणि गावाला त्यात काही वावगं वाटत नाही, हे मला फार आवडतं. सातवीतल्या मुलाला वसईची मोहीम पुस्तकातल्या चार ओळींपेक्षा इथे जास्त लक्षात राहील.

वाईबद्दल मी थोडक्यातच सांगते, नाहीतर माझं आजोळपुराण सुरू होईल. ढोल्या गणपती सगळे बघतात, पण देवळाच्या मागे जाऊन भिंत फार थोडे बघतात. नदीच्या प्रवाहाच्या बाजूनं ती भिंत माशासारखी निमुळती केलेली आहे, पुराचं पाणी दोन बाजूंना फाटून जावं म्हणून. शेजारचं काशीविश्वेश्वराचं देऊळही रास्त्यांचंच. रास्ते म्हणजे नानासाहेब पेशव्यांच्या पत्नी गोपिकाबाईंचं माहेर. गटवाले बहुतेक इथेच वाई संपवतात. तुमच्यावाल्याला प्राज्ञपाठशाळेबद्दल, म्हणजे वाईतल्या जुन्या संस्कृत पाठशाळेबद्दल, विचारून बघा. नारायणशास्त्री मराठ्यांच्या हाताखाली तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी घडले ते तिथे, विनोबा शिकायला आले ते तिथे. मराठी विश्वकोशाचं काम पुण्या-मुंबईतून न होता वाईतून झालं, त्याचं कारणही हीच परंपरा. त्याला यातलं काही ठाऊक नसेल तर तो वाईचा फक्त घाट दाखवणार, वाई नाही.

आता सहल निवडायची कशी. पहिली गोष्ट, कार्यक्रमात ठिकाणं किती आहेत ते बघा. वाई, मेणवली, लिंब एवढंच असेल तर उत्तम. त्यात धोम असेल तर चालेल, कारण तिथला कासवाच्या पाठीवरचा नंदी बघण्यासारखाच आहे आणि अंतरही फार नाही. पण याच दिवसात पाचगणीचं स्ट्रॉबेरी-क्रीम, साताऱ्याचे कंदी पेढे आणि "सूर्यास्त पॉइंट" असं सगळं कोंबलेलं असेल तर नाव काढू नका. पसरणीचा घाट चढून वर गेलात की दोन-अडीच तास गेलेच म्हणून समजा. एका सहलीत आम्हाला मेणवलीला पंचवीस मिनिटं दिली होती आणि स्ट्रॉबेरीच्या दुकानात सव्वा तास. दुकानात कुणाचं काय ठरलेलं असतं ते सांगायला नको.

दुसरं, माहिती सांगणारा गाडीत बरोबर येणार आहे की प्रत्येक ठिकाणी वेगळा कुणी उभा राहणार आहे, हे विचारा. बरोबर येणारा असला तर खंबाटकीपर्यंत गप्पांतच शाहूकाळ होऊन जातो आणि जागेवर नुसतं बघायचं उरतं. त्याच्याशी दोन मिनिटं फोनवर बोला. भुयाराबद्दल विचारा. आपल्याकडे प्रत्येक वाड्यात आणि विहिरीत एक भुयार असतं, ते थेट किल्ल्यावर निघतं आणि नेमकं "आता बंद केलंय". या प्रश्नावर जो रंगात येऊन सुरू होतो त्याची सहल सोडा.

तिसरं, पुण्यात गाडी किती ठिकाणी थांबणार? कोथरूड, डेक्कन, स्वारगेट, कात्रज असं करत गेले तर पहिला दीड तास पुण्यातच जातो. साडेसहाला स्वारगेट सोडलं तर नाश्ता करून साडेनऊपर्यंत वाई गाठता येते. आधी लिंब की आधी वाई यावर लोक वाद घालतात. माझं मत, सुरूर फाट्यावरून वळून आधी वाई, मग मेणवली, जेवण, आणि परतीला पाचवडमार्गे महामार्गाला लागून लिंब. थोडं मागेपुढे जावं लागतं, पण दुपारच्या उन्हात विहिरीच्या आत असणं केव्हाही बरं. जेवणात पिठलं-भाकरी, भरीत, खर्डा असं घरगुती मिळालं तर भाग्य. बुफे म्हणाले तर आपला डबा बांधून न्या.

आईंचं बघायला हवं. तिन्ही ठिकाणी पायऱ्या आहेत आणि लिंबच्या सगळ्यात त्रासाच्या. गुडघे दुखत असतील तर त्यांनी वरूनच बघावं, वरून आकारही जास्त नीट कळतो. वर सावलीला बसायला घडीची खुर्ची गटाची आहे का ते विचारा, नसेल तर आपली न्या. स्वच्छतागृहासाठी जेवायच्या ठिकाणावरच भरवसा ठेवा, लिंबला सोय होईल हे गृहीत धरू नका. घाटाच्या पायऱ्यांवर पावसाळ्यात शेवाळ असतं आणि कृष्णेला पाणी चढलेलं असतं, त्यामुळे आईंना घेऊन जुलै-ऑगस्टमध्ये नकोच. दिवाळीनंतर ते फेब्रुवारीपर्यंत केव्हाही चालेल. हिवाळ्याच्या उत्तरार्धात वाईत एकेका आळीच्या घाटावर कृष्णाबाईचा उत्सव असतो, तो साधला तर आईंना फार आवडेल. तारखा पंचांगावर ठरतात, आधी विचारून ठेवा.

वार शनिवारचा घ्या. रविवारी संध्याकाळी महाबळेश्वरहून परतणारी सगळी पुणे-मुंबई त्याच रस्त्यावर असते. खंबाटकीपासून खेड-शिवापूरच्या टोलनाक्यापर्यंत गाडी नुसती सरकत राहते, आणि त्यात आईंना तीन तास ट्रॅव्हलरच्या मागच्या सीटवर बसवायचं नाही. बुकिंग करतानाच पुढच्या दोन जागा मागून घ्या.