बिनपगारी मॅजिस्ट्रेट : मुलीने अर्ज करावा का?

प्रश्न : आम्ही मूळचे साताऱ्याचे, गेली बरीच वर्षं इंग्लंडमध्ये लेस्टरला आहोत. मुलगी २० वर्षांची, मानसशास्त्राच्या पदवीच्या शेवटच्या वर्षाला. पुढे सॉलिसिटर व्हायचं म्हणते. सध्या तिच्या डोक्यात इथल्या कोर्टात स्वयंसेवी मॅजिस्ट्रेट होण्याचं खूळ आहे. पगार नाही. कायद्याची पदवी नसलेल्या वीस वर्षांच्या मुलीला न्यायासनावर कोण बसवणार? की आपल्याकडच्या विशेष कार्यकारी अधिकाऱ्यासारखं हे सह्या-शिक्क्यांचं पद आहे? पुढे जज व्हायला याचा उपयोग होईल का?
– एक पालक

उत्तर : शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण तुमचा निर्णय तिथेच अडलेला दिसतो. या वाटेने जज होता येत नाही. मॅजिस्ट्रेट कोर्टात पगारी डिस्ट्रिक्ट जज असतात, पण त्यासाठी आधी सॉलिसिटर किंवा बॅरिस्टर यांसारखा पात्रताधारक वकील व्हावं लागतं आणि त्यानंतर किमान पाच वर्षांचा अनुभव लागतो. वकील होण्याआधी स्वयंसेवी मॅजिस्ट्रेट म्हणून कितीही वर्षं बसलं तरी त्यातलं एक वर्षही कमी होत नाही. सॉलिसिटर होण्यासाठी जो दोन वर्षांचा कामाचा अनुभव दाखवावा लागतो, तो वकिली सेवेचा असतो. न्यायासनावरचं काम त्यात बसत नाही. ही शिडी समजून ती अर्ज करणार असेल, तर करू नये.

मात्र हे सह्या-शिक्क्यांचं पद आहे ही समजूतही काढून टाका. इंग्लंड आणि वेल्समधले बहुतेक सगळे फौजदारी खटले मॅजिस्ट्रेट कोर्टातच सुरू होतात आणि तिथेच संपतात. मारामारी, चोरी, दारू पिऊन गाडी चालवणं, जामीन, झडतीचं वॉरंट, सगळं तिथे. सहसा तिघांचं बेंच बसतं. मधला अध्यक्ष बोलतो, बाजूचे दोघे बहुतेक वेळ गप्प असतात, पण मत तिघांचं सारखंच. निर्णय बहुमताने होतो आणि कोण विरोधात होतं हे बाहेर कधीच सांगत नाहीत. समोर लीगल अ‍ॅडव्हायझर बसतो, तो पात्रताधारक वकील असतो. कायदा काय म्हणतो हे तो सांगतो. साक्षीदारावर विश्वास ठेवायचा की नाही आणि शिक्षा किती, हे मात्र हे तिघे सामान्य नागरिक ठरवतात. म्हणूनच कायद्याची पदवी लागत नाही. शिक्षेचा अधिकारही किरकोळ नाही. क्राउन कोर्टातही (गंभीर गुन्ह्यांच्या वरच्या कोर्टातही) चालू शकेल अशा एका गुन्ह्यासाठीची तुरुंगवासाची मर्यादा नोव्हेंबर २०२४ पासून सहा महिन्यांवरून १२ महिने झाली आहे.

हे काम प्रत्यक्षात किती काटेकोर असतं, त्याचा एक नमुना बघा. एका तरुणाने विमा नसताना गाडी चालवली आणि पहिल्याच तारखेला गुन्हा कबूल केला. कर वगैरे जाऊन त्याची आठवड्याची कमाई ४०० पौंड. मार्गदर्शक तत्त्वांप्रमाणे या गुन्ह्याचा दंड ‘सी’ पट्ट्यात येतो, म्हणजे आठवड्याच्या कमाईच्या दीडपट : ६०० पौंड. पहिल्याच संधीला कबुली दिली म्हणून एकतृतीयांश सूट, उरले ४००. त्यावर ४० टक्के सरचार्ज म्हणजे १६०. शिवाय खटल्याचा खर्च आणि परवान्यावर दंडाचे किमान ६ पॉइंट. ड्रायव्हिंग टेस्ट पास होऊन दोन वर्षं झालेली नसतील तर ६ पॉइंटांनी तो रद्दच होतो. गाडीवरच पोट असलेल्या माणसाला दंडापेक्षा हे जास्त लागतं. हे सगळं ठरवून त्याची कारणं उघड कोर्टात त्याच्या तोंडावर सांगायची असतात. वीस वर्षांच्या मुलीला हे झेपेल का, असं तुम्हाला वाटणं साहजिक आहे. कायद्याने वयाची अट १८ पूर्ण एवढीच आहे आणि ७५ ला निवृत्ती.

आता वेळेचं गणित. वर्षाला किमान १३ दिवस कोर्टात बसावं लागतं, बहुतेकदा अर्ध्या-अर्ध्या दिवसांनी. पहिल्या वर्षी त्यात प्रशिक्षणाचे दिवस मिळवा. सुरुवातीला अनुभवी मॅजिस्ट्रेट मेंटॉर म्हणून सोबत असतो आणि पुढे रीतसर मूल्यमापन होतं. प्रवासखर्च मिळतो. पगार बुडत असेल तर ठरलेल्या मर्यादेपर्यंत भत्ताही मागता येतो. नोकरदाराला या कामासाठी वाजवी रजा देणं मालकावर बंधनकारक आहे, ती भरपगारी देणं मात्र नाही. वकिली फर्ममध्ये नवी लागलेली मुलगी दर महिन्याला साधारण एक दिवस गायब झाली, तर कायदा तिच्या बाजूने असला तरी वरिष्ठांच्या कपाळाला आठ्या पडतातच. अर्जाआधी मालकाशी बोलून घ्यावं ते याचसाठी.

अर्ज ऑनलाइन असतो, पण आपल्या भागात जागा खुल्या असतील तेव्हाच करता येतो. फौजदारी कोर्ट की फॅमिली कोर्ट हे आधीच निवडावं लागतं. पात्रता तपासणी, मग प्रसंग देऊन तुम्ही काय कराल हे विचारणारी ऑनलाइन चाचणी, मग सविस्तर अर्ज, मग सल्लागार समितीच्या सदस्यांसमोर मुलाखत, पार्श्वभूमीची चौकशी आणि शेवटी शपथ. सगळ्याला बरेच महिने लागतात. ब्रिटिश नागरिकत्वाची अट नाही, पण राजनिष्ठेची शपथ घ्यायची तयारी हवी. पोलिसात काम करणाऱ्यांना घेत नाहीत. तिचं कुणी जवळचं पोलिसात असेल तर तेही अर्जात लिहावं.

फौजदारी कोर्टासाठी अर्ज करण्याआधीच्या १२ महिन्यांत निदान दोनदा कोर्टात बसून कामकाज पाहिलेलं असावं लागतं. ही अट लोक उरकून टाकतात आणि मग मुलाखतीत उघडे पडतात. परवानगी लागत नाही. दारात बॅग तपासतात, बाहेर खटल्यांची यादी लावलेली असते. अशरला (कोर्टातल्या मदतनीस कर्मचाऱ्याला) सांगायचं की अर्जासाठी पाहायला आलेय, तो बरोबर खोली दाखवतो. आत फोन बंद. फोटो काढणं गुन्हा आहे. युथ कोर्ट आणि फॅमिली कोर्ट असं जाऊन पाहता येत नाही. एकदा सकाळी कोठडीतून आणलेल्यांचं कोर्ट पाहावं, दुसऱ्यांदा एखादा खटला पूर्ण. वकिलांचे युक्तिवाद टिपत बसण्यापेक्षा बेंच काय विचारतं, केव्हा उठून आत जातं, बाहेर येऊन कारणं कशी देतं, आरोपीला ती कळली का, याची टिपणं काढावीत.

अर्ज फसतात ते ठरलेल्या ठिकाणी. “मी निःपक्षपाती आहे, मला माणसं समजतात” असं लिहून भागत नाही, प्रसंग लागतो. तिने विद्यापीठात किंवा दुकानात पार्टटाइम काम करताना दोन बाजू ऐकून स्वतःचं मत बदललं असेल, तर तेच लिहावं : काय झालं, तिने काय केलं, पुढे काय झालं. “मला पीडितांना न्याय मिळवून द्यायचाय” हे वाक्य कितीही मनापासून असलं तरी ते आधीच एका बाजूला बसल्यासारखं होतं. वेगाचा दंड, परवान्यावरचे पॉइंट लपवू नयेत. एखादी बारीक चूक बहुतेकदा खपते, लपवाछपवी खपत नाही. सोशल मीडियावरच्या तावातावाच्या राजकीय पोस्टकडेही एकदा नजर टाकावी.

माझं मत विचाराल तर या हिवाळ्यात तिला चार-पाच वेळा कोर्टाच्या प्रेक्षक गॅलरीत बसू द्या. खर्च बसच्या तिकिटाचा. अर्ज मात्र पदवीनंतर दोन-तीन वर्षं ती कुठल्या गावात राहणार हे नक्की झाल्यावर करावा. दुसऱ्या भागात बदली करून घेता येते, पण प्रशिक्षण चालू असतानाच गाव बदललं तर सगळ्यांचाच खोळंबा होतो. सॉलिसिटरच्या परीक्षांच्या वर्षात कोर्टाचं वेळापत्रकही मानगुटीवर नको. पुढे ती सॉलिसिटर झाली तरी मॅजिस्ट्रेट राहू शकते. फक्त जिथे बसते तिथेच वकिली करण्यावर बंधनं येतात.

आणि भारतात परत येऊन न्यायदंडाधिकारी होण्याचा विचार असेल तर तो रस्ता पूर्ण वेगळा आहे. कायद्याची पदवी, सर्वोच्च न्यायालयाच्या मे २०२५ च्या निकालाप्रमाणे किमान तीन वर्षांची वकिली आणि मग एमपीएससीची परीक्षा. लेस्टरच्या बेंचवरचा अनुभव तिथे धरला जाणार नाही.