मागच्या उतारावर तीन पानांची झुडपं आहेत. ती फ्रॅग्रंट सुमॅक की पॉइझन आयव्ही, हे कसं ओळखायचं? आणि आणखी लावायची असतील तर?

तुम्ही लिहिलंय की अमेरिकेतल्या मिझुरी राज्यात, सेंट लुईसच्या पश्चिमेला नवीन घर घेतलं आणि मागच्या खडकाळ उतारावर कमरेइतकी, तीन-तीन पानांची झुडपं पसरलेली आहेत. शेजारच्या आजी त्याला फ्रॅग्रंट सुमॅक म्हणतात, म्हणजे सुवासिक पानांचं इथलंच निरुपद्रवी झुडूप. घरचे मात्र पॉइझन आयव्ही, म्हणजे जिच्या तेलाने अंगावर खाज आणि फोड येतात ती वनस्पती, समजून सगळं उपटायला निघाले आहेत. उरलेल्या उतारावर हेच लावता येईल का आणि याच्या फळांचं सरबत करतात ते खरं का, हेही तुम्ही विचारलंय.

आधी एक विनंती. ओळख पटेपर्यंत उपटू नका, आणि पान चुरगळून वासही घेऊ नका. ‘पान चुरगळा, लिंबासारखा वास आला तर सुमॅक’ असं बरेच जण सांगतात. वासाचं म्हणणं खरं आहे, पण ती परीक्षा सगळ्यात शेवटी करायची. झाड पॉइझन आयव्ही निघालं तर वास घेईपर्यंत त्याचं तेल बोटांना लागून गेलेलं असतं.

डोळ्यांनी ओळखायची खूण सोपी आहे. पानाच्या तीन पर्णिकांपैकी (ज्यांना आपण तीन पानं म्हणतो त्या दलांपैकी) मधली बघा. तिला स्वतःचा वेगळा देठ आहे का? बेलाचं पान आठवा. बाजूची दोन दलं जवळजवळ चिकटलेली आणि मधलं लांब देठावर पुढे आलेलं. पॉइझन आयव्हीची रचना तशीच असते. फ्रॅग्रंट सुमॅकमध्ये मधल्या पर्णिकेला देठ जवळजवळ नसतोच. ती खाली निमुळती होत थेट त्या सांध्यातच टेकते आणि तिन्ही पर्णिका एकाच बिंदूतून फुटल्यासारख्या दिसतात. एकाच पानावर निर्णय घेऊ नका, वेगवेगळ्या फांद्यांवरची पाच-दहा पानं बघा.

मग कडा बघा. सुमॅकच्या पर्णिकेच्या वरच्या भागाला मोठे, बोथट, गोलसर दाते असतात आणि खालच्या निमुळत्या भागाची कड बहुतेक सरळ असते. कोवळ्या पानांवर बारीक लव जाणवते. पॉइझन आयव्हीचं पान मात्र बहुरूपी आहे. कधी कडा सरळ, कधी दातेरी. बाजूच्या पर्णिका अनेकदा एकीकडे फुगीर आणि दुसरीकडे सपाट असतात. म्हणून कडांवर एकट्या विसंबू नये, पण मधल्या देठाच्या जोडीला त्या उपयोगी पडतात.

फळं असतील तर शंका उरतच नाही. सुमॅकची फळं लाल, वाटाण्याएवढी आणि लवदार असतात, उन्हाळ्यात पिकतात आणि फांदीच्या टोकाशी झुबक्याने येतात. पॉइझन आयव्हीची फळं पांढरट, मेणासारखी असतात आणि पानांच्या बेचक्यात लोंबतात. शिवाय सुमॅक कधीही वेलासारखा चढत नाही. झाडाच्या बुंध्यावर किंवा कुंपणावर केसाळ मुळं रोवून काही चढलं असेल तर ती पॉइझन आयव्ही समजा आणि लांब राहा.

हिवाळ्यातही ओळखता येतं, आणि मला तर ती वेळ जास्त आवडते. पानं गळाली की सुमॅकच्या काड्यांच्या टोकाशी बोटाच्या पेराहून लहान असे तपकिरी तुरे दिसतात. हे पुढच्या वर्षीच्या नर फुलांचे कळे. उन्हाळा सरता सरता तयार होतात आणि अख्खी थंडी तसेच उघड्यावर काढतात. मार्च-एप्रिलमध्ये पानं यायच्या आधी ते पिवळे होऊन उमलतात आणि त्या दिवसांत दुसरं फारसं काही फुललेलं नसताना छोट्या देशी मधमाश्या त्यांवर येतात. पॉइझन आयव्हीच्या काडीवर असे तुरे नसतात. तिच्या टोकाला मातकट रंगाचा, खवले नसलेला उघडा कळा असतो. फक्त सुमॅकची सगळीच झुडपं नर नसतात, त्यामुळे तुरे दिसले नाहीत म्हणून लगेच कुऱ्हाड चालवू नका.

तुमच्या भागासाठी आणखी दोन गोष्टी. पॉइझन सुमॅक हे नाव ऐकून घाबरू नका. त्याला सात ते तेरा पर्णिका असतात, ते दलदलीत वाढतं आणि मिझुरीत सापडत नाही. राज्याच्या दक्षिणेला ओझार्क्सच्या डोंगराळ भागात फिरायला जाल तेव्हा मात्र पॉइझन ओकची, म्हणजे पॉइझन आयव्हीच्या तशाच त्रासदायक भावंडाची, आठवण ठेवा. त्याची पानं लवदार आणि खाचदार असल्यामुळे ती सुमॅकशी जास्त मिळतीजुळती दिसतात. तिथेही मधल्या पर्णिकेचा देठच कामी येतो.

हा गोंधळ होतो त्याला कारणही आहे. हे सगळं एकच कुळ, आंब्याचं. आंब्याच्या चिकाने तोंडाला फोड येतात, काजूच्या टरफलातलं तेल कातडी सोलवटतं, आणि बिब्बा उतला की काय होतं ते आपल्याकडच्या जुन्या माणसांना विचारायला नको. पॉइझन आयव्हीतलं तेल त्याच जातीचं. म्हणून ज्यांना बिब्बा उततो किंवा कैरीच्या चिकाचा त्रास होतो, त्यांनी पॉइझन आयव्हीपासून जास्तच जपावं. चुकून हात लागलाच तर ताबडतोब साबणाने भरपूर धुवा. कात्री, हातमोजे आणि बुटांच्या नाड्याही धुवा, कारण तेल त्यांवर टिकून राहतं. आणि उपटलेली पॉइझन आयव्ही कधीही जाळू नका, तिचा धूर फुप्फुसात गेला तर प्रकरण गंभीर होतं. फ्रॅग्रंट सुमॅक याच कुळातलं असलं तरी त्यात ते तेल नाही.

तुमच्या वर्णनावरून, खडकाळ उतार, झुडूपवजा वाढ, कुठेही चढलेलं नाही, आजींचं म्हणणं बरोबर असण्याचीच शक्यता मला जास्त वाटते. तसं निघालं तर तो उतार मुळीच मोकळा करू नका. मिझुरीच्या चुनखडीच्या कड्यांवर आणि ओसाड वाटणाऱ्या खडकाळ माळांवर हे झुडूप मुळातच आहे. त्याची मुळं माती धरून ठेवतात, फांद्या जमिनीला टेकल्या की तिथे नवी मुळं फुटतात, बाजूने फुटवे येत जातात. अशा जागी हिरवळ लावायची म्हणजे जन्मभर पाणी घालायचं आणि तरी पहिल्या जोरदार पावसात माती वाहून जाताना बघायची. उतारावरून काही काढायचंच असेल तर बुश हनीसकल नावाचं झुडूप काढा. ते परकं आहे, पानं समोरासमोर असतात आणि इथली झाडं उघडी झाल्यावरही नोव्हेंबरात ते हिरवं राहतं, म्हणून पटकन ओळखू येतं. सेंट लुईसच्या आसपासच्या रानांचा गळा त्याने धरला आहे.

आता लावण्याविषयी. भरपूर ऊन सगळ्यात चांगलं, अर्धी सावली चालते, पण दाट सावलीत शरदातला नारिंगी-लाल-जांभळा रंग फिका पडतो. आपल्या भागातली चिकण माती चालते, मुरमाड जागा चालते. फक्त पाणी साचलेलं चालत नाही. खत घालू नका, जरुरीच नाही. सप्टेंबर-ऑक्टोबर किंवा वसंताच्या सुरुवातीला लावा, पहिला उन्हाळा आठवड्यातून एकदा खोलवर पाणी द्या, पुढे पावसावर सोडून द्या. पहिल्या हिवाळ्यात रोपाभोवती जाळी लावाच, ससे साल कुरतडतात.

नर्सरीत बहुतेक ‘ग्रो-लो’ नावाचा वाण मिळेल. दोन फुटांपर्यंत उंच आणि सहा ते आठ फूट पसरणारा, त्यामुळे चार-पाच फुटांवर एक रोप पुरतं. उतारासाठी उत्तम आहे, पण तो मादी वाण आहे. जवळपास नर झुडूप नसेल तर फळं धरणार नाहीत. तुमच्याकडे जंगली झुडपं आधीच असल्याने ती अडचण बहुधा येणार नाही. माझा कल मात्र स्थानिक बियांपासून केलेल्या रोपांकडे आहे, कारण त्यांत नर-मादी दोन्ही येतात आणि उंची चार-सहा फुटांपर्यंत जाते, म्हणजे पक्ष्यांना आडोसाही होतो. राज्याच्या संवर्धन विभागाची लिकिंग गावाजवळ रोपवाटिका आहे, तिथून अशी उघड्या मुळांची छोटी रोपं स्वस्तात मिळतात. नोंदणी शरदात सुरू होते आणि काही जाती लवकर संपतात. झुडूप प्रत्यक्ष बघायचं असेल तर ग्रे समिटच्या शॉ नेचर रिझर्व्हमध्ये खडकाळ माळावरून एक चक्कर मारा.

बियांपासून घरी करायला जाऊ नका. बीचं कवच इतकं टणक असतं की रोपवाटिकांत ते आधी आम्लात मऊ करतात आणि मग बी काही आठवडे थंड ओलाव्यात ठेवतात. त्यापेक्षा जमिनीला टेकून रुजलेली फांदी थंडीच्या शेवटी मुळांसकट कापून हलवा, लगेच जीव धरते.

छाटणी लागत नाही. फार विस्कटलं तर फेब्रुवारीत अगदी खालपर्यंत छाटा, पुन्हा फुटतं. फुलं जुन्या काडीवर येत असल्यामुळे त्या वर्षी फुलं-फळं मिळणार नाहीत एवढंच.

सरबताचं खरं आहे. आंबटपणा फळावरच्या लवेत असतो, म्हणून पावसानंतर लगेच तोडू नका, तो धुऊन गेलेला असतो. पिकलेली लाल फळं थंड पाण्यात चोळून तासभर ठेवा आणि बारीक फडक्यातून गाळा, नाहीतर लव घशाला टोचते. पाणी उकळलं तर तुरटपणा उतरतो. मग साखर आणि चिमूटभर मीठ. चव आपल्या कोकम सरबताच्या जवळ जाते, रंग हलका गुलाबी. घरात कुणाला काजूची, पिस्त्याची किंवा आंब्याची ॲलर्जी असेल तर त्यांना देऊ नका.