निशिकांत कामत फक्त रिमेकवाला, म्हणजे 'कॉपी' करणारा दिग्दर्शक होता का? त्याचे पिक्चर बघायला कुठून सुरुवात करू?

प्रश्नात तुम्ही 'कॉपी' लिहिलंय म्हणून टाईप करायला बसलो, नाहीतर सोडून दिलं असतं. ह्या एका शब्दावरून आमच्या घरात वीस वर्षं भांडण चालू आहे.

आम्ही डोंबिवलीचे. बाबा बँकेत, तीस वर्षं सकाळची फास्ट. रिटायर होऊन वर्ष झालं असेल तेव्हा त्यांना कामतचा 'डोंबिवली फास्ट' (२००५) बघायला घेऊन गेलो, ते यायला तयारच नव्हते, म्हणे गाडीच बघायची तर तिकीट कशाला काढायचं. सुरुवातीला तो माधव आपटे (संदीप कुलकर्णी) त्याच त्या रोजच्या रगाड्यात दाखवलाय ना, घर, गाडी, बँक, परत गाडी, परत तेच, सगळं फटाफट कट करून, तिथे माझं लक्ष बाबांकडे गेलं. अंधारात त्यांचा हात शर्टाच्या खिशावर. पास चाचपत होते! घरातून निघताना रोज करायचे तसंच, पण पास तर कधीच संपला होता. इंटरवलला वडा आणला तर म्हणाले तू खा.

त्या गणपतीत आमचे दाजी आले आणि आरती झाल्या झाल्या सुरू, अरे हे सगळं मायकेल डग्लसच्या 'फॉलिंग डाउन'वरून ढापलंय, १९९३चा पिक्चर आहे, मी सीडीवर बघितलाय. मी काहीतरी बोलणार तेवढ्यात बाबा मोदक सोडून म्हणाले, "त्या डग्लसला कुर्ल्याला चढून दाखव म्हणावं." झालं, दाजी दोन दिवस बाबांशी बोलले नाहीत. पुढे पिक्चरला नॅशनल अवॉर्ड मिळालं, ते सांगितलं तरी ऐकेनात.

आता तुमचं. पहिलाच पिक्चर असा करणारा माणूस पुढे २००७ मध्ये माधवनला घेऊन तोच तमिळमध्ये करतो, मग 'मुंबई मेरी जान' (२००८). २००६ चे ११ जुलैचे स्फोट वेस्टर्नच्या गाड्यांत झाले, आम्ही सेंट्रलवाले, तरी पुढचा महिनाभर डब्यात बेवारस पिशवी दिसली की सगळे एकमेकांकडे बघायचे, ते त्यात बरोबर आलंय. शेवटी शहर थांबतं आणि रफीचं गाणं लागतं तिथे मी आजही रडतो. हा कुठला रिमेक? 'लय भारी' (२०१४) पण रिमेक नाही, माऊलीच्या नावावर सरळ सरळ मसाला आहे आणि मला तो आवडतो, कोणाला काय म्हणायचं ते म्हणा.

'फोर्स' तमिळवरून, 'रॉकी हँडसम' कोरियनवरून, 'दृश्यम' मल्याळमवरून, हे खरंय. पण राइट्स घेऊन केलेला रिमेक आणि ढापलेला पिक्चर ह्यातला फरक दाजींना आजपर्यंत कळलेला नाही. 'दृश्यम'मध्ये मूळची ऑगस्टमधली तारीख हिंदीत २ ऑक्टोबर झाली. गांधी जयंती, सुट्टीचा दिवस, कोण कुठे होतं हे माणसाच्या लक्षात राहणार, आणि अख्खा पिक्चर त्या लक्षात राहण्यावरच तर उभा आहे. गोव्यातला केबलवाला, त्या दिवशी घरच्यांना घेऊन पणजीला सत्संगाला गेलो, पावभाजी खाल्ली हे त्याचं सगळ्यांना सांगणं, सगळं इथलंच वाटतं. (हिंदी पटकथा उपेंद्र सिधयेंची, तेव्हा सगळं श्रेय कामतला नाही, हे मान्य.)

आणि हो, 'रॉकी हँडसम' मला झेपला नाही. मारामारी चांगली आहे, व्हिलन तर कामत स्वतःच झालाय आणि मजा आणतो, पण बाकी पोकळ. 'मदारी'त इरफान नसता तर मी अर्ध्यावर उठलो असतो. म्हणजे दाजी अगदीच चूक नाहीत, पण हे त्यांना कोणी सांगू नका.

सुरुवात 'डोंबिवली फास्ट'ने करा. मग मूड असेल ते.

कामत २०२० च्या ऑगस्टमध्ये गेला, पन्नाशीत. 'दृश्यम'चा पुढचा भाग दुसऱ्या दिग्दर्शकाने केला. बाबांना बातमी सांगितली तर म्हणाले, "आपला डोंबिवलीवाला?" तो डोंबिवलीचा नव्हता हो, असं काही मी बोललो नाही.

बाकी दरवर्षी २ ऑक्टोबरला आमच्या फॅमिली ग्रुपवर पणजी-सत्संग-पावभाजीचा मीम सकाळी सातच्या आत येतो. पाठवणारे दाजी.