जुनं नागपूर पायी पाहताना : वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरं

थंडी पडली की महाल, इतवारी, सिव्हिल लाइन्स पायी हिंडून दाखवणाऱ्या गाईडबद्दल पत्रं येऊ लागतात. यंदाच्या पत्रांतले निवडक प्रश्न इथे घेतले आहेत.

प्रश्न : डिसेंबरात पुण्याहून नणंदेच्या घरची मंडळी येणार आहेत. आम्ही सगळे मिळून सहा जण, त्यात सासूबाई सत्तरीच्या पुढच्या. फक्त आमच्यापुरता गाईड ठरवून महाल, इतवारी, झिरो माईल, दीक्षाभूमी आणि तेलंगखेडी एका सकाळी होईल का? (मनीषनगर)

होणार नाही, आणि करूही नका. पाच ठिकाणं घेतली तर निम्मी सकाळ गाडीत आणि पार्किंग शोधण्यात जाईल. गाईडलाही प्रत्येक जागी दहा वाक्यं बोलून पुढे निघावं लागेल. ती दहा वाक्यं मोबाईलवरही सापडतात. स्वतःपुरता गाईड घेण्याचा फायदा असा की हवं तिथे थांबता येतं आणि हवं ते पुन्हा विचारता येतं. त्यासाठी एका सकाळी एकच वस्ती धरा. दीक्षाभूमीला वेगळा दिवस द्या. १४ ऑक्टोबर १९५६ ला डॉ. आंबेडकरांनी लाखो अनुयायांसह जिथे धम्मदीक्षा घेतली, ती जागा यादीतलं चौथं ठिकाण म्हणून उरकण्यासारखी नाही.

सुरुवात महालापासून करा, कारण नागपूर इथेच शहर झालं. सकाळी सातला गांधीसागरच्या काठावर जमा. तिथून गांधी गेट, भोसले वाडा, गोंड राजांच्या किल्ल्याचा भाग, रुक्मिणी मंदिर, बडकस चौक, चिटणीस पार्क आणि शेवट मूर्तिकारांच्या चितार ओळीत, असा रस्ता ठेवा. गल्लीबोळांसकट हे अंतर अडीच किलोमीटरच्या आसपास भरतं. घरातलं ज्येष्ठ माणूस सोबत असलं की चालण्यातच पन्नासेक मिनिटं जातात. सात ठिकाणी दहा-दहा मिनिटं थांबलात तर सत्तर मिनिटं, नाश्त्याला पंचवीस. सगळे मिळून अडीच तास होतात. गाईड यापेक्षा लांबचा रस्ता सुचवू लागला तर थांबे कमी करायला सांगा. थांबे तेवढेच ठेवून अंतर वाढवलं की शेवटच्या तासात कुणीच काही ऐकत नाही.

हा क्रम उगाच नाही. छिंदवाड्याकडच्या देवगडचा गोंड राजा बख्त बुलंद शाह याने १७०२ च्या सुमारास बारा वाड्या जोडून हे शहर वसवलं. त्याच्या मुलाने, चांद सुलतानाने, राजधानी इथे आणली, भोवती कोट बांधला आणि जुम्मा तलाव केला. हा जुम्मा तलाव म्हणजेच शुक्रवारी तलाव, आजचा गांधीसागर. गांधी गेट हा त्याच कोटाचा जुम्मा दरवाजा. म्हणजे पहिल्या दोन थांब्यांतच गोंडांचं नागपूर उभं राहतं. चांद सुलतानानंतर वारशाचा तंटा झाला. मदतीला बोलावलेले रघूजी भोसले १७४३ च्या सुमारास इथलेच धनी झाले, पण गोंड राजाला त्यांनी हाकललं नाही. नावापुरतं राजेपण आणि नेमणूक देऊन शहरातच ठेवलं. महालात एकमेकांच्या हाकेवर दोन राजघराणी का, याचं उत्तर या व्यवस्थेत आहे. भोसले वाडा आणि किल्ल्याचा भाग लागोपाठ पाहिला की ते आपोआप कळतं. मध्ये झिरो माईल घुसवलं की हा धागा तुटतो.

भोसले वाड्यापाशी एक गोष्ट पाहुण्यांना आधीच सांगून ठेवा. पुणेकरांच्या डोळ्यांपुढे शनिवारवाडा असतो, इथे तेवढा विस्तार दिसत नाही आणि मन हिरमुसतं. नागपूरकर भोसल्यांचा काळ्या दगडाचा मोठा राजवाडा १८६४ मध्ये जळाला. आगीतून वाचला तो दारावरचा नगारखाना. त्याआधी दहा वर्षं, तिसरे रघूजी निपुत्रिक वारल्याचं निमित्त करून डलहौसीने १८५४ मध्ये राज्यच खालसा केलं होतं. त्यामुळे पुन्हा तसं बांधायला ना सत्ता उरली ना पैसा. हे माहीत असलं की उरलेली लाकडी कामं, दगडी जोती, दिंडीदरवाजे माणूस निरखून बघतो. सागवानी खांबाखालचा दगड, खांबावरचे कोरीव तोडे, तुळईचा सांधा, हे गाईडला बोट ठेवून दाखवायला सांगा.

सासूबाईंसाठी घडीचं स्टूल सोबत घ्या. बडकस चौकापाशी ई-रिक्षा मिळते, दमल्या तर पुढचा टप्पा त्यांनी तिने करावा आणि चितार ओळीत भेटावं. स्वच्छतागृहाची सोय नाश्त्याच्या ठिकाणी आहे का, हे गाईडकडून आदल्या दिवशीच पक्कं करा. जुन्या वस्तीत बायकांची सगळ्यात जास्त पंचाईत इथेच होते आणि बहुतेक गाईड ते आपण होऊन सांगत नाहीत. नाश्ता तर्री पोह्यांचाच करा, पण पाहुण्यांसाठी तर्री वेगळ्या वाटीत मागा. आपली तिखटाची सवय त्यांना नसते, आणि पुढे तासभर चालायचं असतं. परतीला चितार ओळी चौकातून मेट्रो सीताबर्डीला नेते, तिथून गाडी बदलून तुम्ही थेट तुमच्या भागात.

प्रश्न : गाईड चांगला आहे हे ठरवण्याआधी कसं ओळखावं? पैशांचं काय ठरवावं? (धरमपेठ)

फोनवर तीन गोष्टी विचारा. पहिली : "आम्हाला आतून कोणती जागा दाखवाल?" महालातले वाडे म्हणजे लोकांची राहती घरं आहेत, तिकीट काढून शिरायची जागा नव्हे. ज्याची मालकांशी ओळख आहे तो "अमुक वाड्याचा चौक दाखवीन, पण आदल्या संध्याकाळी फोन करून विचारावं लागेल" असं म्हणतो. "सगळं दाखवतो" म्हणणारा दारातूनच परत आणतो. दुसरी : "अमुक ठिकाण बंद असलं तर काय कराल?" दुपारी देवळांची दारं बंद होतात, कुणाकडे अचानक सुतक असतं, कुठे रस्ता खणलेला असतो. ज्याने हे रस्ते नेहमी तुडवले आहेत त्याच्याकडे दुसरी वाट तयार असते. तिसरी : "आमच्यातलं कुणी गोंड काळाबद्दलच विचारत राहिलं तर?" या प्रश्नावर जो खुलतो, तो घ्या. भोसल्यांपासून सुरुवात करून गोंडांना दोन वाक्यांत गुंडाळणारे पुष्कळ आहेत. आमच्या मते तो दोष मोठा आहे, कारण हे शहर गोंडांनी वसवलं.

केंद्रीय पर्यटन मंत्रालयाचं ओळखपत्र असेल तर उत्तम, मागून पाहा. मात्र ते ओळखपत्र मोठ्या प्रदेशासाठी असतं. महालाची गल्ली न् गल्ली ठाऊक आहे याचा तो पुरावा नव्हे.

पैसे माणशी न ठरवता सगळ्यांचे मिळून एकरकमी ठरवा आणि त्यात काय धरलं आहे ते मेसेजवर लिहून घ्या : किती तास, कोणती भाषा, नाश्ता कुणाचा, वेळ वाढला तर काय, पाऊस आला किंवा तुमच्याकडून रद्द झालं तर आगाऊ रकमेचं काय. पूर्ण रक्कम आधी देऊ नका, थोडी आगाऊ पुरे. ज्या घराने दार उघडलं तिथे पैसे पुढे करू नका, त्यांना अवघडल्यासारखं होतं. मंदिरात मात्र दानपेटीत टाका.

"खरेदीला कुठे नेणार नाही ना?" हे आधीच स्पष्ट विचारा. साडी किंवा सराफ्याच्या दुकानात बसवलं की पाऊण तास गेलाच. खरेदी हवी असेल तर ती फेरी संपल्यावर, गाईडला मोकळं करून करा. आणि छोट्या स्पीकरला सरळ नाही म्हणा. सहा माणसांना त्याची गरज नसते, आणि सकाळी सातला ज्या ओसरीसमोर तो वाजतो तिथला दरवाजा पुढच्यांसाठी कायमचा बंद होतो.

प्रश्न : मागच्या वर्षी एका गाईडने सांगितलं की झिरो माईल हे भारताचं केंद्र आणि १९२३ मध्ये गांधीजी सीताबर्डीच्या किल्ल्यात कैदेत होते. हे बरोबर आहे का? (प्रतापनगर)

दोन्ही गोष्टी नागपुरात सर्रास सांगितल्या जातात, म्हणून सविस्तर लिहितो.

झिरो माईलचा दगड १९०७ चा, ब्रिटिशांच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणाच्या कामातला. तिथल्या षट्कोनी दगडावर समुद्रसपाटीपासूनची उंची कोरली आहे : १०२०.१७१ फूट. देशाचं केंद्र दाखवायचं असतं तर उंचीला इतकं महत्त्व, तेही फुटाच्या हजाराव्या भागापर्यंत, कुणी दिलं नसतं. ही उंची मोजण्याची प्रमाण खूण आहे, इथून पुढच्या उंच्या पडताळायच्या. हैदराबाद, चांदा, जबलपूर, सिवनी, छिंदवाडा अशी आठ दिशांची गावं आणि त्यांची मैलांतली अंतरंही तिथे आहेत. शिवाय १९०७ चा हिंदुस्थान ब्रह्मदेशापर्यंत पसरलेला होता, आजच्या नकाशाचं केंद्र तेव्हा कुणी ठरवलं असेल? गाईड दगडाकडे पाठ करून बोलत असेल तर त्याला थांबवा आणि कोरलेलं एकदा सगळ्यांनी मिळून वाचा.

गांधीजींचं तर तारखाच सांगतात. मार्च १९२२ मध्ये शिक्षा झाल्यावर त्यांना येरवड्याला नेलं. जानेवारी १९२४ मध्ये पुण्यात ससूनला अपेंडिक्सची शस्त्रक्रिया झाली आणि ५ फेब्रुवारीला सुटका. म्हणजे १९२३ चं सबंध वर्ष ते येरवड्याचे कैदी होते. १९२३ मध्ये नागपुरात गाजला तो झेंडा सत्याग्रह. सिव्हिल लाइन्सकडे तिरंगा घेऊन जाणाऱ्या शेकडो लोकांनी तुरुंगवास पत्करला. खरी घटना इतकी मोठी असताना तिच्या जागी दुसरी सांगितली जाते, याचं वाईट वाटतं. गाईडला हे जरूर विचारा, पण चारचौघांत खोडून काढू नका, चालताना बाजूला घेऊन बोला. कामाशी प्रामाणिक असलेला माणूस पुढच्या फेरीत सुधारून सांगतो.

प्रश्न : सीताबर्डीचा किल्ला फेरीत घेता येतो का? (वर्धा)

एरवी नाही. किल्ला लष्कराच्या ताब्यात आहे. लोकांसाठी तो साधारणपणे २६ जानेवारी, १ मे आणि १५ ऑगस्टला उघडतात. त्या वर्षीच्या वेळा आधीच्या दोन-तीन दिवसांत स्थानिक वर्तमानपत्रांत पाहून घ्या, ओळखपत्र जवळ ठेवा आणि छायाचित्रांबाबत पहारेकरी सांगतील तेच ऐका. इतर दिवशी "आतून दाखवतो" असं कुणी म्हणालं तर त्याला पैसे देऊ नका. २६ आणि २७ नोव्हेंबर १८१७ ची इंग्रज आणि नागपूरकर भोसले यांच्यातली लढाई समजून घ्यायला टेकडीच्या पायथ्याचा रस्ताही पुरतो. दोन टेकड्यांपैकी धाकटी इंग्रजांच्या हातून गेली तेव्हा मोठीवरची फौज कशी कोंडीत सापडली, ते खालून वर पाहिलं की ध्यानात येतं.

महालात संघ मुख्यालयाच्या परिसरातही कडक बंदोबस्त असतो. तिथे कॅमेरा पिशवीत ठेवा. ड्रोनचा विचार तर कुठेच नको.

प्रश्न : आठवीच्या चाळीस मुलांना घेऊन जायचं आहे. एक गाईड पुरेल? (शिक्षिका, कामठी)

नाही. गल्लीत चाळीस मुलं उभी राहिली की मागच्या तीस जणांना काही ऐकू येत नाही आणि रस्ता अडतो तो वेगळाच. दहा-दहाच्या चार तुकड्या करा, प्रत्येकीबरोबर एक मोठं माणूस द्या आणि निदान दोन गाईड घ्या. दोन तुकड्यांनी गांधी गेटकडून निघावं, दोन तुकड्यांनी चितार ओळीकडून. शक्यतो गणपतीच्या आधीचे आठवडे धरा. तेव्हा चितार ओळीत मूर्तींचं काम जोरात असतं, मुलं तिथे खिळून राहतात. फक्त कारागिरांना आधी विचारा आणि ओल्या मातीला हात लावायचा नाही, हे बसमध्येच बजावा. जोडीला अजब बंगला, म्हणजे १८६३ चं मध्यवर्ती संग्रहालय, घ्यायचं असेल तर सोमवार टाळा, त्या दिवशी ते बंद असतं.

प्रश्न : रविवारी जावं की आडदिवशी? (हिंगणा रोड)

काय पाहायचं त्यावर आहे. इमारती पाहायच्या तर रविवारी सकाळ चांगली : इतवारीतली बरीचशी घाऊक दुकानं बंद असतात, हातगाड्या, छोटे टेम्पो नसतात, मान वर करून मजले न्याहाळता येतात. बाजार पाहायचा तर आडदिवशी अकरानंतर जा, पण तेव्हा चार माणसांपेक्षा जास्त नको. आडदिवशी सकाळी नऊ ते अकरा ही वेळ टाळा. दुकानं अर्धवट उघडलेली, माल उतरतोय, शाळेच्या व्हॅन मध्येच. ना इमारत दिसते ना बाजार.

प्रश्न : मारबत पाहायला गाईड घ्यावा का? (अमरावती)

मारबतीच्या, म्हणजे अनिष्टाचं प्रतीक म्हणून मिरवल्या जाणाऱ्या पुतळ्यांच्या, मिरवणुकीच्या दिवशी नको. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी त्या गर्दीत गाईडचा आवाज तुमच्यापर्यंत पोचणार नाही आणि तुकडी पाच मिनिटांत पांगेल. काळी मारबत १८८१ पासून निघते, पिवळी १८८५ पासून. पिवळीची मूर्ती जागनाथ बुधवारीत मिरवणुकीच्या आधीच दर्शनाला ठेवतात. गाईडला घेऊन तेव्हा जा, बडग्यांची, म्हणजे मारबतीबरोबर निघणाऱ्या पुरुषी पुतळ्यांची, तयारीही पाहायला मिळते. मिरवणूक मात्र इतवारीतल्या एखाद्या ओळखीच्या घराच्या गॅलरीतून पाहा, आणि सकाळी नऊच्या आत तिथे पोचा. नंतर रस्ते बंद होतात.

प्रश्न : मे महिन्यात पाहुणे आले तर? (रायपूर)

पारा पंचेचाळिशीला टेकतो, तेव्हा चालायचा हट्ट धरू नका. फारच मन असेल तर सकाळी साडेपाचला सुरू करून साडेसातला संपवा, माणशी एक लिटर पाणी आणि डोक्याला दुपट्टा घेऊन. या वेळी वाड्यांची दारं उघडी नसतात, म्हणून गाईडशी फक्त बाहेरच्या बाहेर फेरी ठरवा आणि पैसेही त्या हिशेबाने कमी करून घ्या.